एनएफएलचा स्प्रेड लावायचं ॲप, एक अख्खा सीझन वापरून झाल्यावर

साडेतीन स्टार. चार देणार होतो पण त्यांच्या हेल्प पेजने अर्धा खाल्ला, आणि या धंद्यात अर्ध्याची किंमत काय असते ते पुढे येईलच.

मॅचवर पैसे लावायच्या या ॲपचं नाव लिहीत नाही. न्यू जर्सीत राहत असाल आणि रविवारी टीव्ही लावत असाल तर दर ब्रेकला ज्यांच्या जाहिराती डोकं खातात त्यातलंच एक आहे, आणि खरं सांगू का, आतून सगळी सारखीच, फक्त रंग वेगळा. मी सप्टेंबर ते जानेवारी वापरलं, फक्त एनएफएल (इथली अमेरिकन फुटबॉलची लीग) आणि जवळजवळ फक्त स्प्रेड (मधे मोह झाला, त्याचंही सांगतो). मी काही सट्टेबाज वगैरे नाही हां. चार वर्षं इथे राहून मॅच कळायला लागली होती, फोर्थ डाऊन म्हणजे काय, पंट कधी करतात, सगळं, पण सोमवारी ऑफिसात एक ईगल्सवाला (फिलाडेल्फियाच्या टीमचा भक्त) तोंड पाडून बसलेला असायचा, विचारलं काय झालं तर म्हणे जिंकलो पण कव्हर नाही केलं. अरे जिंकलात ना, मग रडताय कशाला? तो म्हणाला ॲप घे, दहा-वीस डॉलरचं खेळ, आपोआप कळेल. तर घेतलं.

आता स्प्रेड म्हणजे काय ते आधी सांगतो कारण ॲप सांगत नाही. लहानपणी पळायची शर्यत लावताना मोठा भाऊ धाकट्याला म्हणायचा ना, तू दहा पावलं पुढून पळ, तसंच. तगडी टीम मागून सुरू करते, दुबळी पुढून. स्क्रीनवर ईगल्स -६.५ आणि जायंट्स +६.५ असं दिसलं तर ईगल्सवर पैसे लावणाऱ्याला ते नुसते जिंकून चालत नाही, सात किंवा जास्त पॉईंटने जिंकायला हवेत, यालाच कव्हर करणं म्हणतात. ईगल्स २४-२० ने जिंकले तर मैदानावर ईगल्स नाचतात आणि पैसे जायंट्सवाल्याला मिळतात. म्हणजे एकाच मॅचचे दोन निकाल, एक टीव्हीवर आणि एक तुमच्या फोनमधे, आणि दोघांचं पटेलच असं नाही. ओव्हरटाईम झाला तर तोही धरतात.

ही आयडिया कोणाची तर श्रेय देतात चार्ल्स मॅक्नील नावाच्या माणसाला, शिकागोकडचा, गणित शिकवायचा, १९४० च्या दशकातली गोष्ट. त्याआधी फक्त कोण जिंकणार यावर भाव असायचे आणि एकतर्फी मॅच असली की सगळे तगड्या टीमवर लावायचे, मग बुकी कशाला घेईल ती मॅच. स्प्रेडने ते सुटलं, कुठलीही मॅच बरोबरीची करून टाकली. गणिताचा मास्तर म्हटल्यावर नवल नाही, मास्तर लोकांना काठावर पास करायची सवय असतेच.

ॲपचा चांगला भाग म्हणजे बोर्ड. एका मॅचला तीन खाने, स्प्रेड, मनीलाईन, टोटल, अगदी स्वच्छ. मनीलाईन म्हणजे नुसतं कोण जिंकणार, टोटल म्हणजे दोघांचे मिळून पॉईंट किती. बोट लावलं की स्लिप उघडते, किती लावले तर किती मिळतील लगेच दिसतं, याला पैकीच्या पैकी. आमच्या शेजारच्यांचं दुसरं ॲप पाहिलं, त्यात स्प्रेड शोधायला तीनदा स्क्रोल करावं लागतं, आधी सगळ्या "आजचे खास पार्ले" (अनेक बेट एकत्र बांधायचा प्रकार) वगैरेच्या जत्रेतून जायचं. आमच्यातही जत्रा आहे पण निदान बोर्डाच्या खाली आहे.

पण त्या ६.५ च्या शेजारी बारीक अक्षरात -११० लिहिलेलं असतं ना, तिथे खरी मेख आहे, आणि मला ते समजायला चार आठवडे लागले. त्याचा अर्थ १०० जिंकायला ११० लावा. दोन्ही बाजूंना -११०. म्हणजे एक जण या बाजूला ११० लावतो, दुसरा त्या बाजूला ११०, जमले २२०, जिंकणाऱ्याला परत गेले २१०, दहा राहिले दुकानात. याला इथे ज्यूस म्हणतात, कोणी व्हिग म्हणतात, आपण दलाली म्हणू. आता ही दलाली दिसायला किरकोळ आहे पण हिशोब केला तर बरोबरीत सुटायलाच २१ मधल्या ११ बेट जिंकाव्या लागतात, म्हणजे ५२.३८ टक्के. निम्म्या जिंकलात तर तुम्ही हरलात.

माझाच हिशोब देतो. सीझनभरात ४८ बेट, प्रत्येकी २२ डॉलर, जिंकलो की २० मिळणार. २४ जिंकलो, २३ हरलो, एक पुश झाली (पुश म्हणजे आकडा बरोबर जुळला, पैसे परत). जिंकलेले जास्त ना? २४ गुणिले २० म्हणजे ४८० आले, २३ गुणिले २२ म्हणजे ५०६ गेले. उणे २६. बायकोला अभिमानाने सांगायला गेलो की मी हरल्यापेक्षा जास्त वेळा जिंकलोय, ती म्हणाली मग पैसे कुठायत. बरोबर आहे तिचं. आणि ॲपच्या "माझी कामगिरी" पानावर मात्र मोठ्या हिरव्या अक्षरात २४-२३-१ दिसतं, उणे २६ बघायला वेगळ्या पानात जाऊन तारखा टाकाव्या लागतात. हे चुकून झालेलं डिझाईन नाही, एवढं कळतं मला.

आता अर्ध्याची गोष्ट. फुटबॉलमधे पॉईंट एकेक करून येत नाहीत, फील्ड गोलचे तीन, टचडाऊनचे सहा आणि वर किकचा एक, म्हणून मॅचेस कुठल्याही फरकाने सुटत नाहीत, ठराविक आकड्यांवर जाऊन आदळतात. सगळ्यात जास्त तीनवर, साधारण सातातली एक मॅच बरोब्बर तीनच्या फरकाने संपते, मग नंबर सातचा. २०१५ पासून टचडाऊननंतरची किक लांब केली, ३३ यार्डांची, आधी अगदी जवळून मारायचे, त्यामुळे ती आता चुकते अधूनमधून आणि सहा-आठ वगैरे फरक पूर्वीपेक्षा जरा जास्त दिसतात, पण तीन तो तीनच. त्यामुळे -२.५, -३ आणि -३.५ हे शेजारी शेजारी बसलेले दिसतात तरी ती तीन वेगळी दुकानं आहेत. टीम तीनने जिंकली तर पहिल्यात पैसे मिळतात, दुसऱ्यात परत येतात, तिसऱ्यात जातात. उलट -९.५ आणि -१०.५ मधे अख्ख्या पॉईंटचा फरक असून त्याला एवढी किंमत नाही. त्या अर्ध्या पॉईंटला हुक म्हणतात, गळ, आणि गळ नावाप्रमाणेच लागतो.

मला लागला तो असा. मंगळवारी -२.५ दिसत होतं, म्हटलं रविवारी बघू घाई काय आहे, रविवारी बाराला उघडलं तर -३, भाव -११५, ठीक आहे म्हणून बोट लावलं, ॲपने गोल गोल फिरवलं आणि बेट लागली. संध्याकाळी टीम बरोबर तीनने जिंकली, मी म्हटलं चला पुश, पैसे परत, तर स्लिपवर लाल. बघतो तर स्लिपवर -३.५. मी बोट लावलं आणि स्वीकारलं जायच्या मधल्या दोन सेकंदात लाईन (म्हणजे तो स्प्रेडचा आकडा) हलली होती, आणि सेटिंगमधे "भावातला कुठलाही बदल मान्य" हे आधीपासून चालू होतं, मी कधीच चालू केलं नव्हतं. सपोर्टला चॅट केलं, आधी रोबो, मग माणूस, माणूस गोड बोलला, पाच डॉलरची बोनस बेट दिली आणि सेटिंग कुठे आहे ते सांगितलं. नवीन कोणी घेत असेल तर पैसे भरायच्या आधी ते बंद करा, "फक्त चांगला बदल मान्य" असा पर्याय असतो तो ठेवा.

बोनस बेटचं पण सांगतो, ती डॉलर नव्हे. २५ ची बोनस बेट -११० वर जिंकलात तर २२.७३ मिळतात, ते २५ परत येत नाहीत, खऱ्या पैशाने लावली असती तर ४७.७३ आले असते. जाहिरातीत हे ज्या वेगाने वाचतात तो वेग अजून कुठल्या माणसाकडून ऐकला नाही मी.

ईगल्सवाल्याने मला एक जुनी गोष्ट सांगितली ती खरी निघाली. जानेवारी १९७९, तेरावा सुपर बोल (एनएफएलची फायनल), पिट्सबर्ग स्टीलर्स आणि डॅलस काउबॉईज. लाईन उघडली स्टीलर्स -३.५, लोकांनी भरमसाट लावले म्हणून बुकींनी वाढवून -४.५ केली, मग दुसऱ्या बाजूने काउबॉईजवर पैसे आले. मॅच सुटली ३५-३१. फरक चार! ज्यांनी आधी स्टीलर्स साडेतीनला घेतले ते जिंकले, ज्यांनी नंतर काउबॉईज साडेचारला घेतले ते पण जिंकले, आणि बुकी मधे सापडून दोन्हीकडून धुतले गेले. ही वाचून मला कळलं की लाईन म्हणजे कोणा पंडिताचं भविष्य नाही, ती दुकानातली किंमत आहे, माल कुठल्या बाजूला उचलला जातोय त्यावर हलणारी. ॲपने -७ दाखवलं म्हणजे "सातने जिंकणार" असं ते म्हणत नाही, ते म्हणतं या किमतीला दोन्हीकडची गिऱ्हाईकं मिळतील असं वाटतंय. आता हे आकडे लावणारी मंडळी इतकी तयार असतात की किंमत बहुतेक वेळा बरीच बरोबर असते हे वेगळं. पण बहुतेक वेळा म्हणजे नेहमी नाही. १९६९ च्या तिसऱ्या सुपर बोलला बाल्टिमोर कोल्ट्स १८ ने फेव्हरिट होते आणि जो नेमथच्या जेट्सनी त्यांना १६-७ ने सरळ हरवलं.

हेल्प पेज यातलं काहीही सांगत नाही. तिथे लिहिलंय "स्प्रेड म्हणजे दोन संघांमधील अपेक्षित फरक". अपेक्षित कोणाला? अर्धा स्टार इथेच कापला.

आणि खेळाडूंना तुमच्या स्प्रेडशी काही घेणंदेणं नसतं, हे डोक्यात पक्कं बसायला हवं. जानेवारी २०१८ ची व्हायकिंग्ज-सेंट्स प्लेऑफ बघा, शेवटच्या सेकंदाला स्टेफॉन डिग्जने बॉल झेलला आणि पळत टचडाऊन, मिनियापोलिस वेडं झालं. स्कोअर २९-२४. बहुतेक ठिकाणी लाईन होती व्हायकिंग्ज -५.५. फरक पाच, आता किक मारली असती तर सहा आणि कव्हर. पण घड्याळ संपलेलं, मॅच जिंकलेली, नियमाप्रमाणे एक्स्ट्रा पॉईंट घ्यायला टीम परत मैदानावर बोलावली आणि क्वार्टरबॅकने (बॉल फेकणारा, टीमचा मुख्य खेळाडू) बॉल घेऊन सरळ गुडघा टेकवला, म्हणजे तो पॉईंट सोडूनच दिला. त्याच्या दृष्टीने अगदी शहाणपणाचं. -५.५ वाल्यांच्या दृष्टीने काय ते विचारू नका. त्यानंतर नियमच बदलला, आता वेळ संपल्यावर टचडाऊनने मॅच जिंकली की ती किक घ्यायचीच नाही. तसंच त्याच वर्षी ऑक्टोबरमधे रॅम्सचा टॉड गर्ली पॅकर्सविरुद्ध मोकळा सुटला होता, समोर कोणी नाही, आणि गोललाईनच्या अलीकडे मुद्दाम थांबला, कारण टचडाऊन केला तर पॅकर्सना बॉल परत मिळतो, थांबला तर घड्याळ संपतं. रॅम्स २९-२७. डोक्याने खेळला पोरगा, पण त्या मिनिटाला देशभरात रॅम्सवर लावलेल्या किती जणांनी रिमोट फेकला असेल.

आता मोह. पार्ले. बोर्डच्या खाली, स्लिपच्या वर, नोटिफिकेशनमधे, सगळीकडे पार्ले. दोन-तीन-पाच बेट एकत्र बांधायच्या, सगळ्या लागल्या तर घबाड, एक हुकली तर सगळं गेलं. पाच स्प्रेड बांधले, प्रत्येक -११० चा, तर ॲप साधारण २४ पट देतं, आणि नाणं उडवल्यासारखं धरलं तर रास्त भाव ३१ पट व्हायला हवा. म्हणजे एका बेटवर जी दलाली बारीक वाटते ती प्रत्येक पायरीला परत कापली जाते, आणि स्क्रीनवर मात्र "१० लावा २४० मिळवा" असं दिवाळीसारखं चमकतं. मी पाच-पाच डॉलरचे बारा लावले, साठ गेले, एक दोन टीमवाला लागला त्याचे १८.२२ आले. पाच टीमवाल्यात चार लागून पाचवी जायची, आणि दर वेळी वाटायचं की थोडक्यात हुकलं. थोडक्यात काही नाही, ते तसंच असतं. ॲपवाले यावर एवढा जोर का देतात ते आता कळलं असेल.

टीझर जरा बरा प्रकार आहे, त्यात दोन टीम बांधायच्या आणि दोघांच्याही लाईन सहा पॉईंटने तुमच्या बाजूला सरकवून मिळतात, बदल्यात भाव कमी. -८.५ चं -२.५ केलं तर सात आणि तीन दोन्ही आकडे ओलांडले, त्यात काही अर्थ आहे. पण -३ चं +३ केलंत तर मधले एक-दोन-शून्य हे आकडे फार क्वचित येतात, बरोबरी तर एनएफएलमधे सीझनला एखादी, तेवढे पॉईंट विकत घेऊन वायाच गेले. ॲप या दोन्ही टीझरना सारखंच "छान निवड!" म्हणतं.

कॅशआऊट बटण (मॅच संपायच्या आधीच बेट मोडून पैसे घ्यायचं) मी तिसऱ्या आठवड्यानंतर लपवलं. मॅच चालू असताना ते लुकलुकत राहतं, आत्ता घ्या ३१ डॉलर, आत्ता २८, आणि माणूस मॅच सोडून ते बघत बसतो, शिवाय जो भाव देतात त्यात परत त्यांची दलाली आहेच.

कायद्याचं थोडं. १९९२ च्या केंद्रीय कायद्यामुळे नेवाडा सोडून जवळजवळ कुठेच असा धंदा उघडपणे चालत नव्हता, न्यू जर्सी कोर्टात भांडत राहिली आणि १४ मे २०१८ ला सुप्रीम कोर्टाने तो कायदा उडवला. बरोबर महिन्याने मॉनमथ पार्क या रेसकोर्सवर पहिली बेट तेव्हाचे गव्हर्नर मर्फी यांनी लावली, जर्मनी वर्ल्ड कप जिंकणार म्हणून वीस डॉलर. जर्मनी पहिल्याच फेरीत बाहेर. (गव्हर्नरचं असं, मग आपलं काय.) वय २१ लागतं आणि राज्याच्या हद्दीत असावं लागतं, न्यूयॉर्कमधे मोबाईलवर परवानगी जानेवारी २०२२ ला आली, तोपर्यंत तिकडची मंडळी जॉर्ज वॉशिंग्टन ब्रिज ओलांडून यायची, बेट लावून परत. ॲपचं लोकेशन तपासणं मात्र त्रासदायक आहे, मी न्यू जर्सीतल्याच होबोकनला अगदी नदीकाठी उभा होतो तरी दोनदा म्हणालं की तुम्ही राज्यात नाही. वायफाय चालू केल्यावर पटलं त्याला.

पैसे काढायला दोन दिवस लागले, तक्रार नाही. भरायला दोन सेकंद, हे पण नोंदवून ठेवा. डिपॉझिट लिमिट लावता येतं, महिन्याला किती तो आकडा टाकायचा, मी ६० टाकलाय, आणि कमी करायला लगेच होतं, वाढवायला थांबावं लागतं, हे मनापासून आवडलं. मदतीचा नंबर १-८००-गॅम्बलर तळाशी असतो, पण अक्षरं एवढी बारीक की ज्याला गरज आहे त्याला भिंग लागेल. आणि ऐकून आहे की सतत जिंकणाऱ्यांची मर्यादा अशी काही ॲप गुपचूप कमी करतात, वीस डॉलरच्या वर घेतच नाहीत. माझ्यावर ती वेळ येण्याची काही चिन्हं नाहीत.

पुढच्या सीझनलाही ठेवणार आहे, पार्लेशिवाय. सगळी नोटिफिकेशन बंद केलीत. आणि एक नवी सवय लावून घेतली, मंगळवारी ॲप उघडायच्या आधी कागदावर स्वतःची लाईन लिहायची, कोण किती पॉईंटने भारी, घरच्या मैदानाचे एक-दोन धरून, आणि मग ॲपची बघायची. सीझन संपता संपता एका मॅचला मी -८ लिहिलं होतं आणि ॲप -२.५ दाखवत होतं. साडेपाच पॉईंटचा फरक, मधे तीन आणि सात दोन्ही! घबाड सापडलं असं वाटून मी बायकोलाही हाक मारली, आज पन्नास लावतो म्हणालो. मग इंज्युरी रिपोर्ट उघडला. क्वार्टरबॅक आऊट.